सवय लागायला दोन आठवडे

१९३१ साली मंदीने होरपळलेल्या अमेरिकेत बातमी पसरली, की नेवाडा आणि ॲरिझोनाच्या सीमेवर कोलोरॅडो नदीला बांध घालण्याचे प्रचंड काम निघाले आहे. देशभरातून बेकार माणसे बायकापोरांसह ब्लॅक कॅन्यनच्या घळईत येऊन थडकली. हाच बांध पुढे हूव्हर धरण म्हणून जगाला माहीत झाला. कामगारांचे गाव अजून उभे राहायचे होते. तोवर नदीकाठच्या वाळूत पोती, फळ्या, पत्रे, जे हाताला लागेल त्याच्या आडोशाने लोक राहिले. प्यायला नदीचे गढूळ पाणी. घळईचे खडक दिवसभर तापत आणि रात्रभर धग सोडत. २५ जून ते २६ जुलै या एका महिन्यात तिथे १६ माणसे उष्णतेने दगावली. काही धरणाचे कामगार होते, काही काठावरचे रहिवासी. ऑगस्टमध्ये कामगारांनी संप पुकारला. त्यांच्या मागण्यांत पिण्याचे शुद्ध पाणी आणि बर्फ होता.

पुढच्या उन्हाळ्यात हार्वर्ड विद्यापीठाच्या थकवा-संशोधन प्रयोगशाळेतले डेव्हिड ब्रूस डिल आणि त्यांचे सहकारी तिथे जाऊन राहिले. पोटात आणि पायांत गोळे येऊन कळवळणारे कामगार त्यांनी तपासले. घाम गोळा केला, रक्त पाहिले. गोळे येणाऱ्यांच्या शरीरात पाण्याच्या मानाने मीठ कमी पडले होते. घामातून गेलेले पाणी ही माणसे भरून काढत होती, मीठ भरून काढत नव्हती. उन्हात काम करून रुळलेल्या माणसाच्या घामात मीठ कमी असते, हेही दिसले. म्हणजे तोच माणूस, तीच कातडी. पण काही दिवसांत शरीराने मीठ राखायला शिकून घेतलेले. भरपूर पाणी प्या, अशी सूचना तिथे लावलेली होती. तिला जेवणात भरपूर मीठ घेण्याची जोड मिळाली.

आपल्याकडे रणरणत्या उन्हात रस्त्याचे डांबर पसरणारी माणसे दिसली, की सावलीतला माणूस म्हणतो, ‘त्यांना सवय असते.’ वाक्य खोटे नाही. उन्हात कष्ट करण्याची सवय शरीराला लागते आणि ती मोजता येते. पण त्या सवयीला मुदत आहे, अटी आहेत, मर्यादा आहे. त्या न सांगता हे वाक्य उच्चारले, की ते माणसाच्या जिवावर उठते.

घामाचा हिशेब

माणूस धावतो, फावडे मारतो, ओझे वाहतो, तेव्हा खर्च झालेल्या शक्तीपैकी जेमतेम पाचवा ते चौथा हिस्सा प्रत्यक्ष कामी येतो. उरलेली सगळी शक्ती अंगात उष्णता होऊन साठते. ती बाहेर टाकली नाही, तर शरीराचे आतले तापमान ३७ अंशांवरून चढत जाते आणि ४० च्या पुढे मेंदू, यकृत, मूत्रपिंड अशा सगळ्यांनाच धोका सुरू होतो. थंड हवेत कातडीवरून उष्णता सहज निघून जाते. हवा कातडीपेक्षा गरम झाली, की उलटी गत होते, हवाच अंग तापवू लागते. मग एकच वाट उरते, ती घामाची.

घामाची ताकद १७७४ साली लंडनमध्ये पाहायला मिळाली. जॉर्ज फोर्डाइस या डॉक्टरांनी खोल्या तापवल्या आणि चार्ल्स ब्लॅग्डेन, जोझेफ बँक्स, डॅनिएल सोलँडर अशी मंडळी त्यांत शिरली. पारा पाण्याच्या उत्कलनबिंदूच्याही वर नेला. त्याच हवेत अंडी शिजून घट्ट झाली, मांस भाजून निघाले; माणसे मात्र काही मिनिटांनी धडधाकट बाहेर आली. हवा कोरडी होती, घाम झरझर सुकत होता.

एक लिटर घाम पूर्ण सुकला, तर सुमारे ५८० किलोकॅलरी उष्णता घेऊन जातो. मात्र जो घाम सुकतो तोच थंडावा देतो. निथळून जमिनीवर पडलेला घाम पाणी आणि मीठ नेतो, उष्णता नेत नाही. कोकणातला आणि विदर्भातला उन्हाळा वेगवेगळा छळतो, त्याचे मूळ इथे आहे. चंद्रपुरात ४५ अंशांच्या कोरड्या हवेत घाम फुटताच उडून जातो. अंग कोरडे दिसते आणि किती पाणी गेले याचा पत्ता माणसाला लागत नाही. मुंबई-पनवेलला पारा ३४ वरच असतो, पण हवा ओली असते. सदरा पिळून निघतो आणि अंग काही निवत नाही.

पहिले चौदा दिवस

नवा माणूस पहिल्या दिवशी उन्हात कामाला लागतो तेव्हा हृदयावर एकाच वेळी दोन मागण्या येतात. राबणाऱ्या स्नायूंना रक्त हवे आणि उष्णता बाहेर टाकण्यासाठी कातडीलाही रक्त हवे. घामाने रक्तातले पाणी घटत जाते, तशी हृदयाकडे परतणाऱ्या रक्ताची आवक कमी होते. मग नाडी धावत सुटते, डोके गरगरते, उभ्या उभ्या अंधारी येते. घाम उशिरा फुटतो, पुरेसा येत नाही, आणि येतो तो खारट.

रोज तास-दीड तास किंवा त्याहून अधिक वेळ अंग खरोखर तापेल आणि घाम निथळेल एवढे कष्ट उन्हात झाले, की शरीर बदलू लागते. सर्वांत आधी रक्त बदलते. पहिल्या तीन-चार दिवसांतच शरीर मीठ आणि पाणी धरून ठेवू लागते आणि रक्तातला द्रवभाग वाढतो. तेवढ्याच कामाला नाडी कमी धावते. माणूस म्हणतो, आज कालच्यापेक्षा बरे वाटले. हा भास नसतो.

त्यानंतर घामाची पाळी. आधी शरीर बरेच तापल्यावर सुटणारा घाम आता थोड्या वाढीलाच सुटतो. त्याचे प्रमाण वाढते; कष्टाच्या कामात रुळलेला माणूस तासाला एक-दोन लिटर घाम गाळू शकतो. घामग्रंथींच्या नळ्या मीठ परत शोषून घेऊ लागतात. अधिवृक्क ग्रंथीतले अल्डोस्टेरॉन हे संप्रेरक हे काम करवते. डिल यांना कामगारांच्या घामात दिसले ते हेच. विश्रांतीच्या वेळचे आतले तापमानही किंचित खाली उतरते, त्यामुळे धोक्याची रेषा गाठायला थोडी अधिक सवड मिळते. पेशींच्या पातळीवर, उष्णतेने मोडू पाहणाऱ्या प्रथिनांना सावरणारी खास प्रथिने वाढतात. बहुतेक बदल पहिल्या आठवड्यात होतात, घामाचा बदल पुरा व्हायला दहा ते चौदा दिवस लागतात.

ही सवय टिकाऊ नाही. उन्हातले काम सुटले, की ती दिवसाला सुमारे अडीच टक्क्यांनी उतरत जाते, असे अनेक अभ्यास एकत्र करून काढलेले अनुमान आहे. महिनाभर आजारी पडलेला, चार महिने पावसाळ्यात घरी राहिलेला किंवा वातानुकूलित कारखान्यातून बांधकामावर आलेला माणूस उन्हाच्या लेखी जवळजवळ नवाच असतो. मागच्या वर्षीची सवय यंदा कामाला येत नाही.

हे ज्ञान कोणाच्या घामातून आले

उष्णतेच्या सरावाविषयी आज जे ठामपणे सांगता येते, त्यातले बरेचसे दक्षिण आफ्रिकेतल्या विटवॉटर्सरँडच्या सोन्याच्या खाणींतून आले आहे. खाण जितकी खोल, तितका खडक गरम. धूळ बसवण्यासाठी खडकावर पाणी मारत, त्यामुळे हवाही ओली होई. जोहान्सबर्गजवळच्या सिटी डीप या खाणीत १९२४ साली उष्माघाताचे पहिले बळी नोंदले गेले. १९३० च्या दशकात डॉ. आल्दो ड्रिओस्ती यांनी नव्या मजुरांची उष्णता-सहनशक्ती तपासायची पद्धत बसवली. तापवलेल्या कोठडीत तासभर दगड उपसायला लावायचे, आधीचे आणि नंतरचे तापमान घ्यायचे आणि त्यावरून कोणाला सरावाला किती दिवस द्यायचे ते ठरवायचे. पुढे सिरिल विंडहॅम आणि निकोलास स्ट्रायडम यांनी ही पद्धत शास्त्रशुद्ध केली. गरम, दमट कोठडीत रोज चार तास, आठ दिवस, पायरी चढ-उतार करायची. श्रम रोज थोडे वाढवायचे. आणि मगच माणसाला खाली धाडायचे.

हे मजूर मोझांबिक, लेसोथो आणि दक्षिण आफ्रिकेच्या खेड्यांतून कंत्राटावर आणलेले कृष्णवर्णीय होते. वंशभेदाच्या राजवटीत त्यांना नकाराचा अधिकार जवळजवळ नव्हता. त्यांचे शरीर मोजले गेले ते सोने थांबू नये म्हणून. ही बोच मनात ठेवूनही त्या नोंदींतले एक सत्य मोलाचे आहे. उष्ण मुलखात जन्मलेला माणूस जन्मानेच उन्हाला तयार असतो, हा समज तिथे टिकला नाही. सराव नसलेल्या कृष्णवर्णीय मजुराचेही तापमान धोक्याच्या दिशेने चढे. सराव मिळाल्यावर तो सुधारे आणि तोच सराव मिळालेला गोरा माणूसही त्याच्या बरोबरीला येई. उन्हाची तयारी जातीने, वंशाने किंवा गरिबीने मिळत नाही. ती दिवसांनी मिळते.

खेळाडूंनी हे फार मनावर घेतले आहे. २७ सप्टेंबर २०१९ च्या मध्यरात्री दोहा इथे जागतिक अजिंक्यपद स्पर्धेतली महिलांची मॅरेथॉन सुटली, तेव्हा तापमान ३२ अंशांच्या वर आणि आर्द्रता ७० टक्क्यांच्या पुढे होती. ६८ धावपटू निघाल्या, ४० पोहोचल्या. केनियाच्या रूथ चेपनगेटिचने २ तास ३२ मिनिटे ४३ सेकंदांत शर्यत जिंकली; ती एरवी धावते त्याहून हा वेळ कितीतरी मंद होता. त्यानंतर टोकियो ऑलिंपिकची मॅरेथॉन उत्तरेकडच्या साप्पोरोला हलवली गेली. उष्ण ठिकाणच्या स्पर्धेआधी दोन आठवडे तापलेल्या हवेत सराव करणे आता अव्वल खेळाडूंच्या वेळापत्रकाचा भाग आहे. ओरेगॉन विद्यापीठात २०१० साली सायकलपटूंना १० दिवस ४० अंशांत सराव दिला, तर थंड हवेतली त्यांची कामगिरीही सुमारे सहा टक्क्यांनी सुधारली.

खेळाडूच्या दिमतीला प्रशिक्षक असतो, बर्फ असतो, थांबायची मुभा असते. हीच गोष्ट मजुराला का मिळू नये?

पहिल्या आठवड्यातले मरण

अमेरिकेच्या कामगार-सुरक्षा खात्याची आकडेवारी वाचून मी सुन्न झालो. कामावर उष्णतेने झालेल्या मृत्यूंपैकी जवळजवळ निम्मे कामाच्या पहिल्याच दिवशी झालेले आहेत. ७० टक्क्यांहून अधिक पहिल्या आठवड्यातले आहेत. उपाय अवघड नाही. तिथल्या व्यवसाय-आरोग्य संस्थेची शिफारस अशी : नव्या माणसाला पहिल्या दिवशी उन्हातले काम नेहमीच्या २० टक्केच द्यावे आणि रोज २० टक्क्यांनी वाढवावे. जुना पण खंड पडून परतलेला असेल, तर ५०, ६०, ८०, १०० अशा चार पायऱ्या.

आपल्याकडे काय होते? तेंदूपत्त्याचा हंगाम एप्रिल-मेमध्ये येतो. गडचिरोली-चंद्रपूरच्या जंगलात माणसे पहाटेच शिरतात, कारण ऊन चढण्याआधी पाने तोडून आणायची असतात. वेळेची ही निवड अनुभवातून आलेली आहे आणि शास्त्राशी तंतोतंत जुळते. पण मजुरी पुडक्यांवर. वीटभट्टीवर हजार विटांचा भाव, उसाच्या फडात टनाचा. कामावर येण्याआधीच उचल घेतलेली असते, मुकादमाचा हिशेब डोक्यावर असतो. पहिल्या आठवड्यात हळू काम करा, हा सल्ला अशा माणसाला दिला, तर आपण त्याला अर्ध्या पोटी राहायला सांगतो. नेटाने सुरुवात करणारा, पहिल्याच दिवशी कसर भरून काढू पाहणारा तरुण गडी सर्वांत धोक्यात असतो. पोलीस भरतीच्या १६०० मीटरसाठी भर उन्हात एकदम जोर लावणाऱ्या गावाकडच्या मुलांनाही हाच नियम लागू आहे. आधी दोन आठवडे, मग जोर.

सवयीच्या अटी

पहिली अट पाणी. रुळलेला माणूस अधिक घाम गाळतो, म्हणून त्याला पाणी कमी नव्हे, जास्त लागते. सरावाने तहान मारता येते ही समजूत घातक आहे. तहान नेहमी गरजेच्या मागे राहते, हे दुसऱ्या महायुद्धाच्या काळात एडवर्ड ॲडॉल्फ यांनी कॅलिफोर्नियाच्या वाळवंटात सैनिकांवर दाखवून दिले. पुरेसे पाणी जवळ असूनही माणसे कमी पीत. ठरावीक वेळाने, थोडे थोडे, तहानेची वाट न पाहता प्यायले पाहिजे. मात्र तासन्‌तास नुसते पाणी ढोसणेही धोक्याचे, त्याने रक्तातले मीठ उतरते. मीठ घातलेले ताक, कैरीचे पन्हे, आंबील आणि सोबत नेहमीचे जेवण, यांत दोन्ही गरजा भागतात. रक्तदाबाच्या किंवा मूत्रपिंडाच्या रुग्णाने मिठाचे डॉक्टरांना विचारून ठरवावे. खिशातल्या कांद्याने अंग निवत नाही. डोक्याला बांधलेल्या ओल्या उपरण्याने खरोखर निवते.

स्त्रियांच्या बाबतीत ही पहिलीच अट मोडते. फडावर, भट्टीवर, रस्त्याच्या कामावर आडोसा नसतो, म्हणून बाया सकाळपासून पाणी टाळतात. लघवी दाबतात. त्यांच्या शरीराला सराव झालेला असला, तरी तो चालवायला आत पाणीच नसते. कामाच्या जागी बाईसाठी शौचालय असणे हा उष्माघात टाळण्याचा उपाय आहे, हे ठेकेदाराला आणि सरकारला एकाच आवाजात सांगायला हवे.

दुसरी अट विसावा, आणि तोही रात्रीचा. दिवसभर चढलेले तापमान उतरायला थंड रात्र लागते. पत्र्याच्या खोलीत आणि पालात ती मिळत नाही. मग शरीर दुसऱ्या दिवसाची सुरुवातच शिणलेल्या अवस्थेत करते.

या अटी वर्षानुवर्षे मोडल्या तर काय होते, ते मध्य अमेरिकेत दिसले. एल साल्वादोर आणि निकाराग्वाच्या ऊसतोड कामगारांत, मधुमेह नाही, रक्तदाब नाही, अशा तरुण पुरुषांची मूत्रपिंडे निकामी होऊ लागली. संशोधकांचे बोट तापलेल्या रानातल्या अतिकष्टाकडे आणि पाण्याच्या तुटीकडे गेले. निकाराग्वातल्या एका कारखान्याने सावली, ठरलेले विसावे आणि पाण्याची सोय वाढवली, तेव्हा हंगामातली मूत्रपिंडांची इजा कमी झाली. ही सगळी रुळलेली माणसे होती. बीडच्या, अहिल्यानगरच्या ऊसतोड टोळ्यांतल्या प्रत्येक कोयत्याची हंगामाच्या आधी आणि नंतर साधी रक्ततपासणी व्हावी, एवढी मागणी करायला आपल्यालाही आता कारण आहे.

तिसरी गोष्ट म्हणजे मर्यादा. तापमापकाच्या टोकाला ओले फडके गुंडाळले, की घाम सुकून अंग किती निवू शकेल याचा अंदाज येतो. जे. एस. हॉल्डेन यांनी १९०५ साली नोंदवले, की स्थिर हवेत हे ओले तापमान ३१ अंशांच्या वर गेले, की काम न करणाऱ्या माणसाचेही अंग तापू लागते. पुढे बरीच वर्षे ३५ अंश ही सैद्धांतिक मर्यादा सांगितली जाई. २०२२ मध्ये पेनसिल्व्हेनिया स्टेट विद्यापीठात लॅरी केनी यांच्या गटाने तरुण, निरोगी माणसांवर हलक्या हालचालींसह मोजमाप केले. दमट हवेतली मर्यादा पुन्हा ३१ च्या आसपासच निघाली. मुंबईत ३४ अंश आणि ६५ टक्के आर्द्रता असेल, तर ओले तापमान २८ च्या घरात असते. उरलेली जागा फार थोडी आहे. हवेने घाम घेणेच थांबवले, तर कितीही सरावलेले शरीर लंगडे पडते.

१६ एप्रिल २०२३ रोजी खारघरच्या मैदानावर महाराष्ट्र भूषण पुरस्काराच्या सोहळ्यानंतर १४ माणसे दगावली. परिसरात तापमान ३८ अंशांच्या आसपास होते. ती माणसे धावत नव्हती, ओझे वाहत नव्हती. तासन्‌तास उघड्यावर बसली होती. पाऱ्याचा एकटा आकडा ऐकून निर्धास्त होऊ नये, हा त्या दिवसाचा धडा.

नुसत्या पाऱ्याऐवजी ओलावा, ऊन आणि वारा एकत्र धरणारे मोजमाप अमेरिकी मरीन सैनिकांच्या पॅरिस आयलंड प्रशिक्षण तळावर १९५० च्या दशकात वापरात आले. कॉन्स्टँटिन याग्लू आणि डेव्हिड मिनार्ड यांनी ते बसवले. आकडा चढला, की रंगीत निशाण लागे आणि कवायत थांबे. नव्या तुकड्यांना वेगळी, सौम्य मर्यादा असे. उष्णतेचे रुग्ण घटले.

कोणी कोसळलाच तर

असंबद्ध बडबड, तोल जाणे, भांबावणे, शुद्ध हरपणे : कष्ट करणाऱ्या माणसात उन्हात ही लक्षणे दिसली, तर उष्माघातच समजावे. अंगाला घाम असला तरीही. कष्टातल्या उष्माघातात अंग बऱ्याचदा ओले असते. अशा वेळी आधी थंड करायचे, मग हलवायचे. अमेरिकेतल्या फॅलमथच्या शर्यतीत १८ वर्षांत अशा २७४ रुग्णांना जागेवरच बर्फाच्या पाण्यात बुडवले. सगळे वाचले. गावात बर्फाची टाकी नसेल, पण ताडपत्री असते. चौघांनी कडा धरून तिची झोळी करावी, माणसाला आत निजवावे, मिळेल तेवढे थंड पाणी ओतत आणि ढवळत राहावे, डोके वर धरावे. शुद्ध नसलेल्याला तोंडाने काही पाजू नये. १०८ ला फोन एकाने करावा, पाणी बाकीच्यांनी थांबवू नये. पहिल्या अर्ध्या तासावर सगळे अवलंबून असते.

२०१० च्या मे महिन्यातल्या लाटेने हादरलेल्या अहमदाबादने २०१३ साली उष्णता कृती आराखडा केला. नागपूरसह विदर्भातल्या शहरांनीही त्या वाटेने पाऊल टाकले. इशारे, पाणपोया, दवाखान्यांतले राखीव खाटांचे कक्ष ही कामे गरजेची आहेत. पण या सगळ्यात नव्या माणसाचा पहिला आठवडा ओळखणारी नोंद हवी. हजेरीपटावर एक रकाना वाढवा : हा माणूस उन्हात कामाला केव्हापासून आहे. ज्याला चौदा दिवस झाले नाहीत, त्याचे काम कमी आणि मजुरी पूर्ण. ही मजुरी मालकाने, ठेकेदाराने द्यावी; रोजगार हमीच्या कामावर सरकारने. काही दिवसांच्या मजुरीतला हा फरक, जीव गेल्यावर जाहीर होणाऱ्या मदतीपेक्षा कितीतरी कमी असेल.

निसर्गाने माणसाच्या शरीराला उन्हात राबण्याची विलक्षण ताकद दिली आहे. वाघासारखी बळकट जनावरेही दुपारी सावली धरतात, तेव्हा माणूस चालत राहू शकतो. ती ताकद अंगात उतरायला शरीर फक्त दोन आठवडे मागते. ते द्यायचे की नाही, हे शरीराच्या हातात नाही. ते काम देणाऱ्यांच्या हातात आहे, आणि ते द्यायला लावणे आपल्या.